अभिजात वाङ्मय तासाभरात उरकण्याचे सोपे उपाय

नाटक मंडळी काढायचीय? मग खुशाल 'सगळं अभिजात साहित्य आणि इतिहास एका तासात' अशी जाहिरात करा. तीन पोरं, दोन लुगडी आणि एक पगडी एवढ्या भांडवलावर भागतं. परवाच असा एक प्रयोग तिकीट काढून बघून आलोय, त्यामुळे सल्ले अगदी ताजे आहेत.

मूळ पुस्तक वाचू नका. विकिपीडिया कशासाठी आहे?

विनोद सुचला नाही तर नटाला लुगडं नेसवा. तरीही कुणी हसलं नाही तर पदर पाडा.

गडकऱ्यांच्या 'एकच प्याला'तली सिंधू मरत असताना मालिकेतलं ढँऽऽण वाजवा.

कल्पना बाहेरून उचला. 'रिड्यूस्ड शेक्सपिअर कंपनी' ही मंडळी १९८१ साली कॅलिफोर्नियातल्या जत्रांमध्ये टोपी फिरवून पैसे गोळा करायची. पुढे तिघांनी मिळून शेक्सपिअरची ३७ नाटकं ९७ मिनिटांत बसवली, १९८७ मध्ये एडिंबरोला नेली आणि लंडनच्या क्रायटेरियन थिएटरमध्ये तो खेळ नऊ वर्षं चालला. म्हणजे माल खपतो! इंग्लंडच्या राजांवरची नाटकं त्यांनी अमेरिकन फुटबॉलचा सामना करून दाखवली, चेंडूच्या जागी मुकुट. मग तुम्ही पानिपतची आयपीएल करा. 'विश्वासराव आउट! भाऊसाहेबांचा निर्णय थर्ड अंपायरकडे!' दोन मोती गळाल्याचा तो निरोप आला की 'दोन विकेट पडल्या' म्हणा. शिट्ट्या येतात, मी ऐकल्या.

अहो, पण त्या नाटकांत मुकुट खरंच एकाच्या हातून दुसऱ्याच्या हाती जातो, म्हणून तो चेंडू शोभतो. पानिपतावर काय जात होतं इकडून तिकडे? रसद तुटलेलं, उपाशी सैन्य १४ जानेवारी १७६१ ला आर या पार म्हणून बाहेर पडलं. त्यात चौकार कुठला काढलात? थट्टाच करायची होती तर लढाईला निघालेल्या फौजेबरोबर यात्रेकरू आणि बायकामुलांचा लवाजमा नेला त्याची करायची! तिथे हशाही होता आणि चपराकही. पण त्यासाठी वाचावं लागतं.

असो. सल्ले राहिलेत.

वेळ वाचवायचा तो फक्त नाटकातला. दीपप्रज्वलन, शाल-श्रीफळ, प्रायोजकांचे आभार आणि उशिरा आलेल्या प्रमुख पाहुण्यांचे 'दोनच शब्द' यांना कात्री लावायची नाही. परवा त्या दोन शब्दांना महाभारताच्या अठरा पर्वांपेक्षा जास्त वेळ लागला. कर्ण तर रंगमंचावर आलाच नाही. वेळ नव्हता म्हणे.

पाठांतर करू नका. तुमचा तळीराम बाटलीमागे मोबाईल धरून संवाद वाचत होता, निळा उजेड थेट त्याच्या हनुवटीवर! त्या शेक्सपिअरवाल्या तिघांनी अख्खा उत्तरार्ध हॅम्लेटला दिला. मग तोच वेगात केला, मग शेवटाकडून सुरुवातीकडे उलटा. उलटं करायला आधी सुलटं तोंडपाठ लागतं, बाबांनो. त्यांनी शेक्सपिअर पचवला आणि मग त्याची टिंगल केली. तुम्ही न वाचता केलीत, आणि वर 'तरुणांना अभिजात साहित्याची गोडी लावतोय' म्हणून अनुदान मागताय. लाज वाटू द्या थोडी. मोबाईल विंगेत ठेवा, तालमी करा, गडकरी निदान एकदा शेवटपर्यंत वाचा. आणि पुढच्या प्रयोगाला सत्कार ठेवणार असाल तर तिकिटावर तसं छापा, म्हणजे आम्ही घरी बसू.