स्वभावाला औषध नाही, असं म्हणण्याआधी

‘स्वभावाला औषध नाही’ असं आपण फार पटकन म्हणून मोकळे होतो. कुणी सतत करवादतं, कुणी साध्या प्रश्नालाही अंगावर येतं, कुणी चार वेळा सांगितलेलं विसरतं, कुणी कशातच पुढाकार घेत नाही. तापट, वेंधळा, घुमा, आळशी. एकदा शिक्का मारला की पुढचा विचार करावा लागत नाही. गेली काही वर्षं ताण आणि वर्तन या विषयावर मिळेल ते वाचतेय, आणि माझं एक मत पक्कं होत गेलंय. ज्याला आपण स्वभाव म्हणतो, त्यातला बराच भाग त्या शरीराने दीर्घकाळ सोसलेल्या परिस्थितीचा असतो. आणि ती परिस्थिती बहुतेक वेळा दुसऱ्याच कुणाच्या तरी हातात असते. यातलं दुसरं वाक्य मला पहिल्यापेक्षा जास्त महत्त्वाचं वाटतं.

शरीराची मूळ व्यवस्था चोख आहे. धोका दिसला की मूत्रपिंडांवर बसलेल्या अ‍ॅड्रेनल ग्रंथी काही सेकंदांत अ‍ॅड्रेनलिन सोडतात. काळीज धडधडतं, स्नायूंकडे रक्त आणि साखर धावते. मागोमाग काही मिनिटांत कॉर्टिसोल हे ताणाचं संप्रेरक वाढतं. जे काम आत्ता नाही झालं तरी चालेल ते थांबवलं जातं: पचन, वाढ, प्रजनन. बिबट्या मागे लागलेल्या हरणासाठी याहून चांगली सोय नाही, कारण त्याचा प्रश्न थोड्याच वेळात निकाली निघतो, या बाजूने किंवा त्या बाजूने. पण हीच यंत्रणा महिनोन्‌महिने चालू राहिली तर? हान्स सेल्ये या शास्त्रज्ञाने १९३६ साली उंदरांवर केलेलं काम प्रसिद्ध केलं. थंडी, अतिश्रम, इजा, औषधांचे मोठे डोस, त्रास कोणताही असो, शरीरात तेच तीन बदल दिसत होते. अ‍ॅड्रेनल ग्रंथी सुजलेल्या, प्रतिकारशक्तीशी संबंधित थायमस ग्रंथी आक्रसलेली, आणि पोटात व्रण.

पण त्रास किती झाला एवढ्यावर गोष्ट संपत नाही. १९७० च्या आसपास जे वाइस या अमेरिकन संशोधकाने केलेले प्रयोग वाचवत नाहीत, आणि वाचल्यावर डोक्यातून जातही नाहीत. दोन उंदीर, दोन पेट्या. दोघांच्या शेपटीला तार जोडलेली. दोघांना विजेचा झटका एकाच क्षणी बसणार, तेवढ्याच ताकदीचा, तेवढाच वेळ. फरक एकच. पहिल्या उंदराने समोरचं चाक फिरवलं की झटका थांबायचा, दोघांचाही. दुसऱ्याच्या पेटीतही चाक होतं, पण त्याने काही व्हायचं नाही. म्हणजे वेदना दोघांना अगदी सारखी. तरी पोटातले व्रण दुसऱ्याला कितीतरी जास्त. वाइस यांनी आणखी एक गोष्ट तपासली. झटक्याआधी इशाऱ्याचा आवाज ऐकवला, तर ज्यांना तो इशारा मिळत होता त्यांना व्रण कमी झाले. झटका चुकवता येत नव्हताच. पण आवाज नाही म्हणजे आत्ता झटका नाही, एवढी खात्री मिळत होती, आणि तेवढ्या वेळात शरीर सैल सोडता येत होतं.

माझ्या मते या सगळ्या विषयाचं मर्म इथे आहे. पुढे काय होणार हे कळतंय का, आणि त्यावर माझं काही चालतं का, या दोन प्रश्नांची उत्तरं शरीर सतत शोधत असतं. दोन्ही उत्तरं ‘नाही’ आली की साधा ताणसुद्धा माणसाला पोखरतो.

‘हा काही धडपडच करत नाही’ असं ज्याच्याबद्दल म्हटलं जातं त्याच्याबद्दलही थोडं. मार्टिन सेलिगमन आणि स्टीव्हन मेयर या मानसशास्त्रज्ञांनी १९६७ मध्ये कुत्र्यांवरच्या प्रयोगात पाहिलं होतं की न टाळता येणारे झटके सोसलेली कुत्री, पुढे सुटण्याची वाट असूनही, बऱ्याचदा पडून राहतात. कुत्रा असहायता शिकला, असा अर्थ तेव्हा लावला गेला. पुढे जवळपास ५० वर्षांनी, २०१६ मध्ये, त्याच दोघांनी आपला निष्कर्ष उलटा केला. दीर्घ त्रासात हातपाय गाळणं हा मेंदूचा मूळचाच प्रतिसाद आहे, तो शिकावा लागत नाही. शिकावं लागतं ते ‘माझ्या करण्याने फरक पडतो’ हे. मला हे फार मोलाचं वाटतं. ज्याच्या करण्याने आजवर काहीच हललं नाही, त्याला ‘उठ, प्रयत्न कर’ एवढं ऐकवून भागत नाही. त्याच्या छोट्याशा कृतीला खरंखुरं फळ मिळालेलं त्याला अनुभवायला मिळालं पाहिजे, आणि तेही पुन्हा पुन्हा.

आमच्या घरी निवारा केंद्रातून आणलेली कुत्री आहे. सुरुवातीला ती खात असताना पाठीमागून कुणी गेलं की तिचं तोंड भांड्यातच थबकायचं. मानेपासून शेपटीपर्यंत अंग ताठ, डोळ्यांतला पांढरा भाग दिसायचा, वरचा ओठ एका बाजूने किंचित उचलला जायचा आणि मग खालच्या पट्टीतली गुरगुर. येणारे-जाणारे म्हणायचे, हिची जातच खुनशी आहे, दोन फटके द्या. आम्ही फटके दिले नाहीत. तिचं भांडं भिंतीच्या कोपऱ्यात ठेवलं, म्हणजे पाठीमागे कुणी जाऊच शकणार नाही. खाण्याची वेळ ठरलेली, ती हलवायची नाही. जवळ जायचं तर समोरून, आधी नाव घेऊन. बाकी काही नाही. हळूहळू ताठ होणारे कान सैल राहू लागले. मग ती मान वर करून बघायची आणि पुन्हा खायला लागायची. आजही कुणी झाडू उचलला तर ती थबकते. तेवढं राहिलंय, राहीलही. पण जिला लोक खुनशी म्हणत होते ती कुत्री आज आमच्याकडे नाही.

माणसाच्या बाबतीत मेंदूतला एक भाग इथे लक्षात घ्यायला हवा, कपाळामागचा. थांबणं, तोलणं, शब्द गिळणं, योजना करणं, एका वेळी दोन गोष्टी डोक्यात धरणं, ही कामं तिथली. येल विद्यापीठातल्या एमी आर्नस्टन यांनी अनेक वर्षांच्या कामातून दाखवलंय की आवाक्याबाहेरचा ताण आला की नॉरअ‍ॅड्रेनलिन आणि डोपामिन या मेंदूतल्या रसायनांच्या लोंढ्याने हा भाग मंदावतो आणि सूत्रं मेंदूच्या जुन्या, झटपट प्रतिक्रिया देणाऱ्या भागांकडे जातात. रागाने थरथरणाऱ्या मुलाला त्याच क्षणी ‘नीट विचार कर’ असं सांगतो तेव्हा आपण नेमकं त्याला त्या घडीला न जमणारं काम सांगत असतो. आधी त्याला शांत होऊ द्या. बोलणं नंतर.

हीच गोष्ट मोठ्यांची. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात तमिळनाडूतल्या ४६४ ऊस उत्पादक शेतकऱ्यांना ऊस तुटण्याआधी, हात तंग असताना, आणि पैसे आल्यानंतर बुद्धीच्या त्याच प्रकारच्या चाचण्या दिल्या. माणूस तोच, मेंदू तोच. तंगीच्या काळात गुण कमी, पैसे आल्यावर जास्त. गरीब माणूस चुकीचे निर्णय घेतो असं जे सर्रास बोललं जातं, ते बोलणाऱ्यांनी हा अभ्यास जरूर वाचावा.

आता आयांबद्दल, कारण इथे फार अन्याय होतो. मायकेल मीनी या संशोधकाने आणि सहकाऱ्यांनी उंदरांच्या माद्या पाहिल्या. काही माद्या पिल्लांना खूप चाटतात, काही कमी. कमी चाटलेली पिल्लं मोठेपणी अधिक भित्री होतात, त्यांची ताणाची यंत्रणा पटकन पेटते आणि उशिरा विझते. कुणी म्हणेल, रक्तातच असेल. म्हणून त्यांनी पिल्लांची अदलाबदल केली. जास्त चाटणाऱ्या मादीकडे वाढलेलं पिल्लू, जन्म कुणाच्याही पोटी असो, तिच्या पिल्लांसारखं निघालं. पहिल्या आठवड्यातल्या त्या चाटण्याने पिल्लाच्या मेंदूतल्या जनुकांवरच्या रासायनिक खुणा बदलतात, हे २००४ मध्ये दाखवलं गेलं.

इथपर्यंतची माहिती बरीच फिरते, आणि ती फिरते आईला दोष देण्यासाठी. पुढचा भाग मात्र सांगितला जात नाही. भरपूर चाटणाऱ्या माद्यांना गरोदरपणात ताण दिला, तर त्यांचंही चाटणं कमी झालं. म्हणजे पिल्लाच्या भित्रेपणाचा माग आईपाशी थांबत नाही, तो आईवर ताण टाकणाऱ्यापर्यंत जातो. मूल चिडचिडं झालं की पहिला प्रश्न आईला विचारला जातो. तो आधी तिच्या भोवतालच्या सगळ्यांना विचारायला हवा.

ताण नेहमी वरून खाली उतरतो. ब्रिटनमध्ये १९६७ पासून सरकारी नोकरांचा मोठा अभ्यास झाला, व्हाइटहॉल नावाने ओळखला जाणारा. सगळे नोकरदार, उपासमार कुणाचीच नाही. तरी सर्वात खालच्या श्रेणीतल्या पुरुषांचं हृदयविकाराने मरण्याचं प्रमाण सर्वात वरच्या श्रेणीच्या जवळपास तिप्पट होतं. सिगारेट, रक्तदाब, कोलेस्टेरॉल सगळं हिशेबात धरूनही फरक पुरता पुसला जात नव्हता. पुढच्या अभ्यासात दिसलं की आपल्या कामावर आपलं किती चालतं, याचा हृदयाशी थेट संबंध आहे. सगळ्यात जास्त ताण मोठ्या साहेबाला, ही समजूत सोडून द्यायला हवी.

आणि उतरंड म्हटली की ती अशीच चालणार, असं ज्यांना वाटतं त्यांच्यासाठी केनियातली बबून माकडं. संशोधक रॉबर्ट सापोल्स्की तिथे १९७० च्या दशकाच्या शेवटापासून बबूनांचा अभ्यास करत होते. वरचा नर हरला की मधल्याला मारायचा, मधला लहान्याला, शेवटी चावा बसायचा मादीला किंवा पिल्लाला. १९८० च्या दशकात एका कळपातले सर्वात आक्रमक नर पर्यटकांच्या लॉजच्या उकिरड्यावर जाऊन भांडून खायचे. तिथल्या दूषित मांसातून क्षयरोग पसरला आणि तेवढे नर मेले. उरले ते सौम्य नर आणि माद्या. कळप बदलला. दुबळ्यांवर राग काढणं कमी झालं, एकमेकांचे केस साफ करत बसणं वाढलं, खालच्या नरांमध्ये ताणाच्या नेहमीच्या खुणा दिसेनात. मला थक्क करणारी गोष्ट पुढची. बबून नर वयात आले की आपला कळप सोडून दुसरीकडे जातात. दहाएक वर्षांत ते मूळचे सौम्य नर एकही उरले नव्हते, सगळे बाहेरून आलेले. तरी कळप तसाच राहिला. नव्यांशी तिथल्या माद्या लवकर चांगलं वागायच्या आणि नवे इथली रीत शिकायचे.

यावर हमखास येणारा आक्षेप मला मान्य आहे: मग मारहाण करणाऱ्यालाही माफ करायचं का? नाही. ताणात असलेली सगळी माणसं हात उगारत नाहीत, आणि ज्याच्यावर हात उगारला जातो त्याची सुरक्षितता आधी. कारण समजणं म्हणजे सूट देणं नव्हे. पण कारण न समजता दिलेल्या शिक्षेने वागणं बदलत नाही, पुष्कळदा बिघडतं.

सप्टेंबर २००१ मध्ये, अमेरिकेवरच्या हल्ल्यांनंतर, कॅनडाच्या बे ऑफ फंडीत जहाजांची वर्दळ अचानक कमी झाली. पाण्यातला आवाज ६ डेसिबलने उतरला. संशोधक तेव्हा तिथल्या राइट व्हेल या देवमाशांची विष्ठा गोळा करत होते, आणि त्यात ताणाच्या संप्रेरकांचं प्रमाण कमी आढळलं. देवमाशांना कुणी काही शिकवलं नव्हतं. फक्त आवाज कमी झाला होता.

म्हणून ताणव्यवस्थापनाच्या शिबिरांबद्दल माझं म्हणणं असं: श्वासाचे व्यायाम, ध्यान, व्यायाम, सगळं उपयोगी आहे, जरूर करावं. पण ते भरवणाऱ्या संस्थेने त्याच आठवड्यात आणखी थोडं करावं. कामाच्या पाळ्या आदल्या रात्री न सांगता आधी सांगाव्यात. कुणाला कधी बोलावणं येईल आणि कशासाठी, हे बोलावतानाच सांगावं. काम कोणत्या क्रमाने करायचं हे करणाऱ्याला ठरवू द्यावं. शाळेत आणि घरात नियम आज एक, उद्या दुसरा असं नसावं. यातल्या बहुतेक गोष्टींना पैसा लागत नाही. ज्याच्या हातात अधिकार आहे त्याने त्यातला थोडा सोडायचा असतो, आणि माझ्या पाहण्यात अडतं ते तिथेच.