कोचचा पासपोर्ट नंतर पाहू, आधी मुलांना डबल्स खेळवा

जुलै २०२४ मध्ये टी-२० विश्वचषक जिंकणाऱ्या क्रिकेट संघाला महाराष्ट्र सरकारने ११ कोटींचं बक्षीस जाहीर केलं आणि मुंबईच्या चिराग शेट्टीने जाहीर नाराजी व्यक्त केली. २०२२ मध्ये भारताने थॉमस कप (बॅडमिंटनमधली पुरुषांची सांघिक जागतिक स्पर्धा) जिंकला, त्या संघात राज्याचा खेळाडू होता, मग दखल का नाही, असा त्याचा सवाल. रास्तच होता. पण पुण्यात बॅडमिंटनवाले चार लोक जमले की पुढचा वाद लगेच दुसरीकडे वळतो: कोच बाहेरचा कशाला? आपल्याकडे माणसं नाहीत का? एवढा पगार द्यायचा, आणि ऑलिंपिक झालं की गडी सामान बांधून मोकळा.

दोन्ही वाद इथे जपानमधून वाचताना एक गोष्ट खटकते. बक्षीस हा शेवट आहे आणि कोच हा मधला टप्पा. सुरुवातीबद्दल, म्हणजे बारा-तेरा वर्षांच्या मुलाला डबल्स कधी आणि कशासाठी खेळायला मिळतं, याबद्दल कोणी भांडत नाही. जपानने वीस वर्षं परका कोच पोसला आणि त्याचं फळ मिळालं, हे खरं. पण ते फळ कोणत्या झाडाला लागलं, तेही पाहायला हवं.

हा कोच म्हणजे कोरियाचा पार्क जू-बाँग. डबल्स आणि मिक्स्डमध्ये (एक पुरुष, एक महिला अशी जोडी) त्याच्या तोडीचे खेळाडू हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. १९८५ आणि १९९१ च्या जागतिक स्पर्धांत पुरुष डबल्स आणि मिक्स्ड अशी दोन्ही विजेतेपदं, १९८९ मध्ये मिक्स्डचं. १९९२ ला बार्सिलोनात बॅडमिंटन पहिल्यांदा अधिकृत ऑलिंपिक खेळ झाला, तेव्हा किम मून-सूबरोबर सुवर्ण. १९९६ ला अटलांटात मिक्स्डचं रौप्य. नंतर इंग्लंड आणि मलेशियात कोचिंग, आणि २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकनंतर जपान. त्या ऑलिंपिकमध्ये जपानचं पार पानिपत झालं होतं.

तो आला तेव्हा जपानी खेळाडू आधी कंपनीचा होता, मग देशाचा. इथे वरच्या पातळीचं बॅडमिंटन कंपन्यांच्या संघांवर चालतं. खेळाडू नोकरदार असतो, पगार कंपनीचा, सराव कंपनीच्या कोचकडे. राष्ट्रीय संघ स्पर्धेपुरता एकत्र यायचा. पार्कने पहिला जोर लावला तो यावर: वर्षभर ठरलेले राष्ट्रीय कॅम्प हवेत, कंपन्यांनी खेळाडू सोडले पाहिजेत, सिंगल्स आणि डबल्सला वेगळे कोच हवेत. २००८ मध्ये तोक्योत राष्ट्रीय प्रशिक्षण केंद्र सुरू झालं, तेव्हा या मागणीला छप्पर मिळालं. त्याच वर्षी बीजिंगमध्ये माएदा आणि सुएत्सुना या जोडीने चीनच्या अव्वल जोडीला हरवून चौथा क्रमांक घेतला. २०१२ ला लंडनमध्ये फुजिई-काकिइवा यांनी महिला डबल्सचं रौप्य मिळवलं, जपानचं बॅडमिंटनमधलं पहिलं ऑलिंपिक पदक. (त्याच गटात आपल्या ज्वाला गुट्टा आणि अश्विनी पोनप्पा गुणांच्या निसटत्या फरकाने बाहेर पडल्या आणि जपान तैपेईविरुद्ध पूर्ण जोराने खेळला नाही, अशी भारताने तक्रार केली. ती फेटाळली गेली. आपल्याकडे तो विषय काढला की अजून लोकांचा पारा चढतो.)

पण आपल्याला खरं काही शिकवून गेलं ते २०१४ चं दिल्ली. थॉमस आणि उबर कप (महिलांची तशीच सांघिक स्पर्धा) दोन्ही तिथे झाले. उबर कपच्या उपांत्य फेरीत भारत विरुद्ध जपान. सायना जिंकली, सिंधू जिंकली, २-० आघाडी. पाच सामन्यांपैकी एकच हवा होता. पहिल्या डबल्समध्ये ज्वाला-अश्विनी ताकाहाशी-मात्सुतोमोकडून हरल्या, तिसरी सिंगल्स गेली, आणि निर्णायक दुसऱ्या डबल्सला आपण कोणाला उतरवलं? सायना आणि सिंधू यांनाच. दोघी जगातल्या उत्तम सिंगल्स खेळाडू, समोर माएदा-काकिइवा. तो सामना व्हायचा तसाच झाला. आपल्याकडे भरवशाची दुसरी जोडी नव्हती, एवढाच त्याचा अर्थ. त्याच आठवड्यात पार्कच्या पुरुष संघाने उपांत्य फेरीत चीनला ३-० ने धुतलं आणि अंतिम फेरीत मलेशियाला ३-२ ने हरवून जपानचा पहिला थॉमस कप जिंकला.

जपानकडे दुसरी, तिसरी, चौथी जोडी येते कुठून? इथे पार्कचं श्रेय कमी आणि शाळांचं जास्त. जपानी माध्यमिक शाळांच्या सांघिक लढतीत दोन डबल्स आणि एक सिंगल्स असते. उच्च माध्यमिकला दोन डबल्स, तीन सिंगल्स. वरच्या कंपनी लीगमध्ये पुन्हा दोन डबल्स, एक सिंगल्स. म्हणजे ज्या शाळेकडे एक चमकदार सिंगल्सवाला आहे आणि जोड्या कच्च्या आहेत, ती शाळा पहिल्याच फेरीत घरी जाते. शिक्षक काय करणार? झक मारत जोड्या तयार करतो. ताकाहाशी आणि मात्सुतोमो सेंदाईच्या एकाच शाळेत, एका वर्षाच्या अंतराने शिकल्या, पुढे एकाच कंपनीत गेल्या. २०१६ ला रिओच्या अंतिम सामन्यात तिसऱ्या गेममध्ये त्या १६-१९ ने मागे होत्या. तिथून सलग पाच गुण घेऊन २१-१९. समोरच्या डॅनिश जोडीला कमी अनुभव होता असं अजिबात नाही. पण ताकाहाशीने मागून काय मारलं की समोर शटल कुठे येणार, हे मात्सुतोमोला बघावं लागत नव्हतं. अशी समज कॅम्पमध्ये सहा महिन्यांत येत नाही.

आता कोणी म्हणेल, सिंगल्स चांगली असली की डबल्स आपोआप येते. पुण्यात हे वाक्य कोचच्या तोंडूनही ऐकू येतं. ते का चुकीचं आहे, हे सर्व्हिसपासूनच दिसतं.

डबल्सचं कोर्ट रुंद असतं, ५.१८ ऐवजी ६.१० मीटर, हे सगळ्यांना माहीत. सर्व्हिसचा डबा मात्र आखूड असतो, हे खेळताना विसरतात. मागची सर्व्हिस रेषा ७६ सेंटिमीटर आत असते, म्हणून सर्व्हिस पडायला जेमतेम ३.९६ मीटर लांबी मिळते. सिंगल्समध्ये ती ४.७२ आहे. त्यामुळे उंच सर्व्हिसची भीती उरत नाही आणि घेणारा पुढच्या रेषेला नाक लावून उभा राहतो. सर्व्हिस जाळीवरून वीतभर वर गेली तरी तो ती खाली आपटतो. शटल जाळीच्या आधीच, आपल्या बाजूला, सर्वात वर पोचून पट्टी ओलांडताना खाली येत असायला हवं. शिवाय २०१८ पासून फटका मारताना अख्खं शटल जमिनीपासून १.१५ मीटरच्या खाली असावं लागतं, म्हणजे उंच खेळाडूला वरून ढकलण्याची सोयही गेली.

बिघडतं कुठे? १९-१९ ला. ताण आला की अंगठा रॅकेटच्या मुठीवर आवळला जातो, मनगट अडकतं, शटल ढकललं न जाता उडतं. म्हणून सर्व्हिसचा सराव निवांत उभं राहून शंभर शटल मारण्याचा नसतो. जाळीच्या पट्टीवर साधारण पंधरा सेंटिमीटर अंतराने एक दोरी बांधायची आणि मधल्या फटीतून सर्व्हिस काढायची. समोर खरा घेणारा उभा हवा, मारायला टपलेला. आणि प्रत्येक दहा सर्व्हिसच्या आधी कोर्टाच्या दोन-तीन फेऱ्या, म्हणजे श्वास चढलेला असतानाच हात सैल ठेवायची सवय लागते. सुरुवातीला निशाणा मधल्या 'टी'वर (पुढची सर्व्हिस रेषा आणि मधली रेषा मिळतात तिथे), कारण तिथून परतीचा कोन सर्वात लहान मिळतो. सर्व्हिस करून रॅकेट खाली सोडणारा मुलगा तिसरा फटका नेहमीच उशिरा मारतो, हे कोचने पहिल्या दिवसापासून टोकायला हवं.

दुसरी जागा म्हणजे बचावातला मधला पट्टा. दोघं शेजारी उभे, समोरून स्मॅश दोघांच्या मधोमध. सिंगल्सवर वाढलेली दोन मुलं एकमेकांकडे बघतात, किंवा दोघांच्या रॅकेट एकमेकांवर आदळतात. साधा नियम असा: स्मॅश मारणाऱ्याच्या सरळ समोर जो आहे, तो बाजूची रेषा आणि स्वतःचं अंग सांभाळतो; तिरका उभा असलेला आत सरकतो आणि मधलं त्याचं. शटलने बाजू बदलली की जबाबदाऱ्याही बदलतात. हे फळ्यावर दोन मिनिटांत समजतं, पायात उतरायला दोन वर्षं जातात. त्यासाठी दोघांविरुद्ध तिघं खेळवतात: तिकडे दोन मागून स्मॅश मारणारे आणि एक जाळीवर, इकडे दोघं फक्त बचाव करणारे. तासाभरात पायांची दैना होते. एकट्या मुलाला मल्टी शटल (कोचने एकामागोमाग एक शटल टाकत राहण्याचा सराव) कितीही खायला घातलं तरी हे येत नाही, कारण चूक नेहमी दोघांच्या मधल्या जागेत होते.

पुण्याची गंमत अशी की तिथे डबल्स कमी खेळलं जातं असं मुळीच नाही. सकाळी सहाला कुठल्याही हॉलवर जा, चाळिशीतले काका चार-चारच्या पाळ्या लावून डबल्सच खेळत असतात. क्लबांच्या हौशी लीगमध्येही तेच. शेजारच्या कोर्टवर त्यांचाच मुलगा अकॅडमीत सिंगल्सचं फूटवर्क करतोय, आणि डबल्सचा जोडीदार एंट्री भरायच्या शेवटच्या दिवशी फोन करून शोधला जातोय. रँकिंग एकट्याचं, प्रायोजक एकट्याचा, मग जोडीसाठी वेळ कोण घालवणार? ज्या नंदू नाटेकरांचं नाव आपण अभिमानाने घेतो, त्यांची राष्ट्रीय विजेतेपदं सहा सिंगल्सची आहेत. डबल्सची सहा आणि मिक्स्डची पाच कोणाच्या लक्षात आहेत? १९८२ च्या दिल्ली एशियाडमध्ये लेरॉय डिसा आणि प्रदीप गंधे यांनी पुरुष डबल्सचं कांस्य मिळवलं. त्याच प्रकारात सुवर्ण यायला २०२३ उजाडलं.

परक्या कोचच्या बाबतीत आपलं काय होतं, याचा नमुना म्हणजे मलेशियाचे टॅन किम हर. २०१५ मध्ये ते भारतात आले. सात्त्विकसाईराज रंकीरेड्डी आणि चिराग शेट्टी (२०२३ चं ते सुवर्ण यांचंच) हे दोघेही मागून मारणारे उंच खेळाडू. त्यांना एकत्र आणायची कल्पना टॅन यांची. अनेकांना ती विचित्र वाटली होती. २०१९ मध्ये करार संपायच्या आधीच ते गेले, आणि गेले कुठे? जपानला, पार्कच्या हाताखाली पुरुष डबल्स बघायला. २०२१ मध्ये होकी-कोबायाशी जपानचे पहिले पुरुष डबल्स जगज्जेते झाले. आपल्याकडे मधल्या काळात इंडोनेशियाचे फ्लँडी लिंपेले आले-गेले, मग लंडनचा रौप्यविजेता डेन्मार्कचा मथियास बो (जो पुण्यात अजून तापसी पन्नूचा नवरा म्हणूनच जास्त ओळखला जातो). पॅरिसनंतर बो थांबला, आणि पुन्हा बोलावणं गेलं ते टॅन यांनाच.

तोक्यो ऑलिंपिक जपानचं घरचं. सिंगल्सचा अव्वल खेळाडू मोमोता गटातच बाहेर, महिला डबल्सच्या हिरोताचा गुडघा स्पर्धेआधी गेला, आणि हाती लागलं मिक्स्डचं एक कांस्य. आपल्याकडे एवढ्यावर कोचला विमानतळावर सोडायलाही कोणी गेलं नसतं. पार्क मात्र पॅरिसपर्यंत राहिला, तिथे दोन कांस्यपदकं आली, आणि मग २०२५ मध्ये तो कोरियाचा कोच म्हणून मायदेशी परत गेला.

जपानमधलं सगळं गोडच आहे असं नाही. कंपनीचा धंदा बसला की संघ दुसऱ्या कंपनीच्या गळ्यात पडतो. शाळेतला बॅडमिंटनचा शिक्षक शनिवार-रविवार जवळजवळ फुकट राबतो, आणि आता ती व्यवस्थाच कोलमडत असल्याने सरावाची जबाबदारी गावातल्या क्लबांकडे सरकते आहे. वीस-वीस वर्षांचा कोच आणि कंपन्यांचे पगार पुण्याने उचलावेत, असं माझं म्हणणं नाही. ते जमणारही नाही.

लढतीची रचना मात्र उचलता येते, त्याला फारसे पैसे लागत नाहीत. बालेवाडी किंवा कुठलाही चार कोर्टांचा हॉल, रविवार सकाळ. आठ शाळा, चौदा वर्षांखालचे संघ, प्रत्येकी सहा मुलं: दोन जोड्या, एक सिंगल्स, एक राखीव. अट एकच, सिंगल्स खेळणारा त्या दिवशी डबल्स खेळणार नाही. नाहीतर प्रत्येक शाळा एकाच मुलाला दोनदा उतरवेल आणि दिल्लीची उबर कप पुन्हा होईल. चारचे दोन गट, गटात सहा लढती, एकूण बारा लढती म्हणजे ३६ सामने. पंधरा गुणांचे तीन गेम धरले तर सामना सरासरी २५ मिनिटं. चार कोर्टांवर प्रत्येकी नऊ सामने, म्हणजे पावणेचार तास. सामन्याला दोन शटल धरून सहा डझन. पिसांची शटल महाग झाली आहेत, तेव्हा गटातले सामने नायलॉनवर खेळवले तरी चालतील, फक्त सर्व्हिसचा अंदाज बदलतो हे मुलांना आधी सांगा. जोड्या वर्षाच्या सुरुवातीला लेखी द्यायच्या आणि दुखापत सोडून बदलायच्या नाहीत. यावर पालक तक्रार करणार, हे गृहीत धरून चालावं, आणि संयोजकांनी फोन बंद ठेवावा.