रिनेरच्या काळात खेळला, हा टोल्झरचा दोष कसा?

"जर्मनांना ज्युदोतला जड गट कधी जमलाच नाही." अवधूतनं मोबाइल खिशात टाकता टाकता निकाल देऊन टाकला. कोल्हापुरात मिरजकर तिकटीच्या कट्ट्यावर त्यानं आम्हाला नुकतीच 2011 सालच्या पॅरिसच्या जागतिक स्पर्धेची फायनल दाखवली होती. 100 किलोवरचा गट, एका बाजूला फ्रान्सचा टेडी रिनेर, दुसऱ्या बाजूला जर्मनीचा आंद्रेआस टोल्झर. रिनेर जिंकला. आदल्या वर्षी टोकियोतही फायनलला हेच दोघं होते आणि निकालही हाच लागला होता.

"सलग दोन वर्षं त्याच माणसाकडनं हरला," अवधूत म्हणाला. "आणि हा एकटाच न्हाई. यादीच काढूया. क्लाउस ग्लान, 1972, म्युनिकला घरच्या ऑलिंपिकमध्ये रौप्य. हेन्री श्टोर, 1988, सेऊलला पूर्व जर्मनीकडनं रौप्य. फ्रांक मोलर, 1996, अटलांटाला कांस्य. टोल्झर, 2012, लंडनला कांस्य. सुवर्ण कुठंय? साठ वर्षांत पुरुषांच्या सगळ्यात जड गटात जर्मनीचं एक सुवर्ण न्हाई."

यादी बिनचूक होती. पण त्यावरनं काढलेला निष्कर्ष मला अजिबात पटला नाही, आणि रात्री अकरापर्यंत मी तो पटवूनही घेतला नाही.

म्हटलं, "अवधूत, ह्या प्रत्येक नावासमोर त्या वेळी सुवर्ण कुणी नेलं तेही सांग की. ग्लानसमोर विम रुस्का होता. हा डच गडी म्युनिकला जड गटही जिंकला आणि खुला गटही. श्टोरसमोर हितोशी साइतो. सेऊलला अख्ख्या जपानला ज्युदोत एकच सुवर्ण मिळालं, ते ह्या साइतोचं. मोलरच्या वेळी डेव्हिड दुइए. आणि टोल्झरसमोर रिनेर. तू हरलेल्यांची यादी वाचलीस. ते कुणाकडनं हरले, कुणामुळं मागं राहिले, ते वाचलंच नाहीस."

"म्हंजे नशीब म्हणतोस?"

"नशीब म्हणत नाही. काळ म्हणतो."

एवढ्यात आबा बोलले. आबा तरुणपणी खासबागेत लढलेले, आता गुडघे धरून बसतात, पण कुस्तीचा विषय निघाला की पाठ ताठ होते. "आरं, आपल्याकडं महाराष्ट्र केसरीची फायनल हरलेल्या पैलवानाला उपमहाराष्ट्र केसरी म्हणून गावात मिरवत्यात. फेटा बांधत्यात. त्येला कोन हरलेला म्हनतंय का? फायनलला पोचायला खाली किती जनांस्नी लोळवावं लागतं ते लढनाऱ्याला इचार."

अवधूत मात्र माघार घेणारा नाही. "आबा, फेटा बांधा की, माझं काय म्हणणं न्हाई. पण इतिहासात नाव कुणाचं राहतं?"

इथं संदीपनं मधेच नवाच फाटा काढला. "अवधूत, तुझी यादी अर्धी हाय. 1980, मॉस्को. डीटमार लोरेन्झ, पूर्व जर्मनी, खुल्या गटात सुवर्ण."

ही गोष्ट मला फार आवडते, म्हणून जरा थांबून सांगतो. खुला गट म्हणजे वजनाची अटच नाही, कुणीही उतरावं. ऑलिंपिकमध्ये हा गट 1964 ते 1984 पर्यंत होता, मग काढून टाकला. लोरेन्झ काही अजस्र नव्हता. तो 95 किलोच्या आतला खेळाडू, आणि मॉस्कोत त्याच्या स्वतःच्या गटात त्याला कांस्यच मिळालं होतं. तोच माणूस खुल्या गटात उतरला आणि फायनलमध्ये फ्रान्सच्या अँजेलो पारिसीला हरवून बसला. पारिसी म्हणजे त्याच मॉस्कोत 95 किलोवरच्या गटाचा विजेता. म्हणजे जड गटाच्या त्या वेळच्या ऑलिंपिक विजेत्याला एका हलक्या जर्मनानं हरवलं.

"मॉस्कोवर बहिष्कार होता," अवधूत लगेच म्हणाला. "जपान गेलंच नव्हतं. यामाशिता घरी बसला होता. यामाशिता असता तर लोरेन्झला सुवर्ण मिळालं असतं का?"

हा मुद्दा त्याचा खरा होता. यासुहिरो यामाशिता त्या काळात कुणाला आवरत नव्हता, आणि त्याला थेट 1984 ला लॉस एंजेलिसपर्यंत वाट बघावी लागली. पण मग एकाच मापानं मोजा ना. लोरेन्झसमोर यामाशिता नव्हता म्हणून त्याचं सुवर्ण हलकं धरायचं, आणि टोल्झरसमोर रिनेर होता म्हणून त्याचं रौप्यही हलकंच धरायचं? मी हे बोललो तेव्हा अवधूत पहिल्यांदा गप्प बसला. फार वेळ नाही.

तोवर ज्योतीताई आल्या होत्या. त्या पोरापोरींना ज्युदो शिकवतात, क्लास संपवून घरी जाताना चहाला थांबतात. आमचं थोडं ऐकलं आणि म्हणाल्या, "तुम्ही मघापासून जर्मनीला जड गटात काही नाही म्हणताय, आणि सगळी नावं पुरुषांचीच घेताय. योहाना हागन कोण होती मग? 1993, हॅमिल्टन, कॅनडा. 72 किलोवरच्या गटात जगज्जेती. तीन वर्षांनी अटलांटाला कांस्य. मोलरला कांस्य मिळालं त्याच ऑलिंपिकमध्ये."

अवधूतनं हात जोडले. "ताई, हे मला ठाऊक नव्हतं."

"आता झालं ना. मग ते 'कधी जमलंच नाही' मागं घे."

त्यानं घेतलं. पण टोल्झरवर तो ठाम राहिला, आणि आता त्यानं त्याचा सगळ्यात धारदार मुद्दा काढला. "ठीक हाय. रिनेर आडवा आला म्हणताय. लंडनला कुठं आडवा आला? तिथं फायनलला रिनेरसमोर रशियाचा मिखायलिन होता. टोल्झर फायनलपर्यंत पोचलाच न्हाई. आणि 2010 चं टोकियो घ्या. त्याच स्पर्धेत, खुल्या गटाच्या फायनलला, जपानच्या कामिकावानं रिनेरला हरवलं. म्हंजे रिनेर हरू शकत होता. एकानं हरवला, दुसऱ्याला जमलं न्हाई. ह्यात काळाचा काय दोष?"

कट्ट्यावर असा मुद्दा आला की मजा येते, कारण आता प्रत्येकाला नीट उत्तर द्यावं लागतं.

कामिकावाची ती लढत मी पाहिलेली आहे. कुणी कुणाला पाडलं नाही. वेळ संपली, जादा वेळही संपली, शेवटी पंचांनी झेंडे दाखवून निर्णय दिला, आणि तोही एकमतानं नाही. तेव्हा निकालाची तशी पद्धत होती, त्यामुळं कामिकावाचं सुवर्ण शंभर टक्के त्याचंच. पण त्यानंतर रिनेर पुन्हा कधी हरला? 2020 च्या फेब्रुवारीत. पॅरिसमध्येच, जपानच्याच कागेउराकडनं. मधे सलग 154 लढती जिंकला. साडेनऊ वर्षं जगातल्या एकाही जड ज्युदोकाला हा माणूस हरवता आला नाही. उंची सहा फूट आठ इंच, आणि एवढा उंच असूनही पाय हलके. अशा माणसासमोर टोल्झर एका वर्षी फायनलला हरला आणि पुढच्या वर्षी, रिनेरच्या गावात, रिनेरच्या प्रेक्षकांसमोर, परत फायनलला येऊन उभा राहिला. माझ्यासाठी सगळी गोष्ट इथं आहे. एकदा असं हरल्यावर खालच्या सगळ्या फेऱ्या पुन्हा जिंकून त्याच माणसासमोर जायला काय लागतं?

वयही बघा. टोल्झर जानेवारी 1980 चा, बॉनचा. जागतिक स्पर्धेचं पहिलं रौप्य मिळालं तेव्हा तो तिशीत होता. मग 31 व्या वर्षी दुसरं रौप्य, 32 व्या वर्षी लंडनचं कांस्य, 33 व्या वर्षी रिओच्या जागतिक स्पर्धेत आणखी एक कांस्य. ओळीनं चार वर्षं, चार पदकं. आणि रिनेर? तो पहिल्यांदा जगज्जेता झाला तेव्हा अठरा वर्षांचा होता. लंडनला टोल्झर रिनेरपर्यंत पोचला नाही, हे कबूल. पण फायनलची दारं बंद झाल्यावर त्याच दिवशी परत उभं राहून कांस्याची लढत जिंकायची, हे सोपं असतं असं ज्याला वाटतं त्यानं एकदा खासबागेच्या मातीत उतरून बघावं.

"आणि एक राहिलं," ज्योतीताई म्हणाल्या. "पदकं बाजूला ठेवा. टोल्झरचा डाव आम्ही आजही शिकवतो."

मग त्यांनी सांगितलं ते नुसतं ऐकून समजेना, म्हणून अवधूतच्या धाकट्या भावाला, ओंकारला, कट्ट्यापुढच्या फरशीवर पोत्यावर पालथं घातलं. पोरगं पंच्याऐंशी किलोचं आहे.

"आता तू हातपाय आखडून घे. कोपरं पोटाशी. मान आत. उलटायचं नाही, काहीही झालं तरी."

ज्युदोत खाली सापडलेला गडी असाच बसतो, कासवासारखा. वरचा गडी थोडी खटपट करतो, काही हलत नाही असं दिसलं की पंच 'माते' म्हणतो आणि दोघं परत उभे राहतात. जड गटात तर हे नेहमीचंच. दीडशे किलोचा माणूस जमिनीला चिकटून बसला तर त्याला उलटवणार कोण? म्हणून बरेच जड ज्युदोका खाली गेले की दम खातात आणि 'माते'ची वाट बघतात. टोल्झर वाट बघत नसे. ज्योतीताईंनी ओंकारच्या काखेतनं हात घातला, त्याचा दंड स्वतःच्या अंगाशी घट्ट अडकवला, आणि मग ओंकारला उचलायला न जाता स्वतःच बाजूला लोळल्या. त्यांचं सगळं वजन त्या एका अडकलेल्या हातावर आलं. ओंकारचा खांदा आधी वळला, मागोमाग कंबर, आणि तो पाठीवर. ज्योतीताईंचं वजन त्याच्यापेक्षा वीस-पंचवीस किलोनं तरी कमी असेल.

"बघ, मी ताकद लावलीच नाही," त्या म्हणाल्या. "हात सुटला नाही पाहिजे, बाकी काम माझं अंग करतं. आणि उलटला की पकड तयारच असते, नव्यानं धरावं लागत नाही. टोल्झर खेळायचा तेव्हा पाठीवर पंचवीस सेकंद दाबून ठेवलं की इप्पोन, लढत खलास. नंतर वीस सेकंद केले. माझ्या क्लासमधल्या चव्वेचाळीस किलोच्या पोरी हे करतात."

ओंकार उठून खांदा चोळत म्हणाला, "परत दाखवा."

त्यांनी परत दाखवलं. तिसऱ्यांदा त्यानं स्वतः अवधूतवर करून बघितलं आणि हात निसटला. चौथ्यांदा जमलं. आबा बघत होते. म्हणाले, "खालच्या गड्याला पलटी मारायचे डाव आपल्याकडं बी हायती. पन ह्यो मानूस खाली जाऊन सवताच गडबडा लोळतोय, ह्ये इतक्या जड पैलवानानं करायचं म्हंजे काळीज पायजे. चुकला तर सवताच खाली यायचा की."

जगभर हा डाव टोल्झरच्याच नावानं ओळखला जातो. रिनेरकडनं हरलेल्या कितीतरी जणांपैकी किती जणांच्या नावाचा डाव आज लहान मुली शिकतात?

अवधूत कपडे झटकत बसला. "डाव मान्य. माणूस मोठा, मान्य. पण जर्मनीचा सगळ्यात मोठा जड ज्युदोका कोण विचारलंस तर मी ग्लान म्हणणार."

आणि इथं आमची फळी फुटली, कारण आबाही ग्लानच्या बाजूला गेले. ग्लानचं प्रकरण आहेच तसं. 1964 ला ज्युदो पहिल्यांदा ऑलिंपिकमध्ये आलं, तेही टोकियोत. ग्लान तेव्हा बावीस वर्षांचा. खुल्या गटात उपांत्य फेरीत तो जपानच्या कामिनागाकडनं हरला आणि कांस्य घेऊन आला. फायनलला हॉलंडच्या अँटोन गेसिंकनं त्याच कामिनागाला जमिनीवर दाबून धरलं, आणि जपानी लोक सुन्न झाले. ग्लाननं हे सगळं तिथं उभं राहून बघितलं. पुढं 1967 ला सॉल्ट लेक सिटीच्या जागतिक स्पर्धेत तो खुल्या गटात फायनलपर्यंत गेला. ऐन भरात होता. आणि 1968 ला मेक्सिकोच्या ऑलिंपिकमधनं ज्युदोच वगळलं! परत आलं ते 1972 ला, ग्लान तोवर तिशीचा झालेला. तरी म्युनिकला घरच्या लोकांसमोर फायनलला गेला. आठ वर्षांच्या अंतरानं दोन ऑलिंपिक पदकं.

"मधलं ऑलिंपिक त्याच्याकडनं कुणी काढून घेतलं, सांग," आबा मला म्हणाले. "टोल्झरला निदान खेळायला तरी मिळालं."

मी तरीही टोल्झरलाच मत दिलं, आणि ज्योतीताईंनीही. 1964 ला मोजकेच देश ज्युदो खेळायला आले होते. 2010 च्या टोकियोत शंभराहून जास्त देश होते. जड गटात आता जॉर्जिया, उझबेकिस्तान, ब्राझील, इजिप्त, क्युबा, कोरिया, कुठनंही कुणीही उठून येतो. त्या गर्दीतनं दोनदा फायनल गाठणं मला जास्त अवघड वाटतं.

"पण 1968 ला ज्युदो असतं तर ग्लानला सुवर्ण मिळालं असतं," अवधूत म्हणाला.

"कसं? 1967 ला जड गटात जगज्जेता कोण होता?"

अवधूतनं मोबाइल काढला. शोधलं. मग आबांकडं बघितलं.

"रुस्का," तो म्हणाला.

"मग मेक्सिकोतबी त्योच आडवा आला असता," आबा म्हणाले, "पन उतरायला तर मिळालं असतं."