अदोल्फो चेली म्हणजे फक्त 'थंडरबॉल'चा खलनायक?

एक मजकूर सध्या खूप फिरतोय. त्यातले दावे असे: इटालियन नट अदोल्फो चेली म्हणजे 'थंडरबॉल' या जेम्स बाँडच्या चित्रपटातला (१९६५) डोळ्यावर काळी पट्टी लावलेला लार्गो, एवढंच. आवाजही उसना. इंग्रजी येत नव्हतं. पुढे कामं मिळाली नाहीत.

'आवाज उसना, म्हणजे अभिनय अर्धाच'

लार्गोला आवाज रॉबर्ट रिएटीने दिला, हे खरं. पण याच चित्रपटात नायिका क्लोदीन ओजेचा आवाजही दुसरीचा आहे आणि आधीच्या बाँडपटात, 'गोल्डफिंगर'मध्ये, खलनायक झालेल्या गर्ट फ्रोबचाही. तेव्हा संवादाच्या फिल्मचा छोटा तुकडा टोकाला टोक जोडून त्याचं कडं करत. तेच दृश्य पडद्यावर पुन्हा पुन्हा येई आणि आवाज देणारा पडद्यावरच्या ओठांवर वाक्य बसवी. प, ब, म आले की ओठ मिटलेले दिसायलाच हवेत. सेकंदाला २४ फ्रेम धावतात, त्यात चार-पाचांचा फरक पडला तरी खटकतं. म्हणजे वाक्य कुठे सुरू होणार, कुठे थांबणार, हे चेलीने चित्रीकरणातच ठरवलेलं होतं. कॅसिनोतला पत्त्यांचा प्रसंग आवाज बंद करून पाहा, दरारा तसूभरही कमी होत नाही.

'इंग्रजी येत नव्हतं'

बीबीसीच्या 'द बोर्जियाज' (१९८१) या दहा भागांच्या मालिकेत तो पोप अलेक्झांडर सहावा झाला, इंग्रजीत आणि स्वतःच्या आवाजात. उच्चार जड होते, त्यावर टीकाही झाली. पण जड उच्चार म्हणजे भाषा न येणं नव्हे.

'लार्गोआधी काहीच नाही'

सिसिलीतल्या मेसिनात १९२२ साली जन्म, रोमच्या नाट्य अकादमीत शिक्षण, मग ब्राझील. साओ पाउलोच्या तेआत्रो ब्राझिलेरो दे कोमेदिया या नाट्यसंस्थेत त्याने नाटकं बसवली, 'काइसारा' (१९५०) हा चित्रपट दिग्दर्शित केला, तोनिया कारेरो आणि पाउलो आउत्रान या तिथल्या कलाकारांबरोबर नाटक कंपनी काढली. लार्गो वाट्याला आला तेव्हा तो चाळिशी ओलांडलेला, मुरलेला रंगकर्मी होता.

'पुढे कामं नाहीत'

'ग्रां प्री' (१९६६), 'डायबोलिक' (१९६८) हे चित्रपट पुढचेच. आणि दिग्दर्शक मारिओ मोनिचेल्लीचा 'आमिची मिएई' (१९७५)! त्यात चेली सर्जन सास्सारोली आहे. मित्र त्याच्या बायकोच्या प्रेमात पडतो, तर हा शांतपणे सांगतो, घेऊन जा, पण मुली आणि कुत्राही ने. इतका गंभीर चेहरा ठेवून हसवणारे नट थोडेच. १९७६ च्या 'सांदोकान' मालिकेत आपल्या कबीर बेदीसमोर उभा ठाकलेला बोर्निओतल्या सारावाकचा गोरा राजा जेम्स ब्रूक, तोही चेलीच.