ऊन पोहोचत नाही तिथं

गेल्या महिन्यात बडोद्याला आमच्या दांडिया बाजारातल्या घराच्या मागच्या चौकात ड्रेनेजची लाइन बदलायला खोदलं. कमरेएवढ्या खड्ड्यातून कामगारानं फावड्यानं मातीचं एक ढेकूळ वर टाकलं, त्यातून काहीतरी लोंबत होतं. झटकून पाहिलं तर दुधाची पिशवी, अर्ध्या लिटरची. कापलेला कोपरा अजून तिला चिकटलेला. नळाखाली धुतली. निळी छपाई फिकट झाली होती, पण उजेडाकडे धरल्यावर तारीख वाचता आली. साल १९९७. माझा मुलगा तेव्हा दोन वर्षांचा होता, म्हणजे ते दूध बहुधा त्याच्यासाठीच आणलेलं. तो मुलगा आता स्वतः बाप झालाय. पिशवी बोटांनी ताणून पाहिली, फाटली नाही.

त्याच रात्री धाकट्या दिरांचा मेसेज आला, "वहिनी, समुद्रातलं प्लास्टिक खाणारी बुरशी सापडली! मिटली की तुमची काळजी." मी एकोणतीस वर्षं मायक्रोबायोलॉजी शिकवली, त्यामुळे अशा बातम्या घरात पहिल्यांदा माझ्याकडे येतात. मी लगेच उत्तर दिलं नाही. बातमी खोटी नाही, पण तिच्यातून काळजी मिटत नाही, आणि का मिटत नाही ते दोन ओळींत सांगता येत नाही. म्हणून ही पोस्ट.

बुरशीचं नाव पॅरेंगायोडोंटियम आल्बम. उत्तर पॅसिफिक महासागरात जिथं तरंगतं प्लास्टिक गोळा होतं, तिथल्या तुकड्यांवर ती सापडली. नेदरलँड्सच्या सागरी संशोधन संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी २०२४ मध्ये हे काम प्रसिद्ध केलं. मला त्यातली पद्धत फार आवडली. प्लास्टिकवर जंतू बसलेत एवढ्यावरून ते प्लास्टिक खातात असं म्हणता येत नाही. समुद्रात पडलेल्या प्रत्येक तुकड्यावर काही दिवसांत जंतूंचा बुळबुळीत थर चढतोच. २०१३ पासून त्या वस्तीला 'प्लास्टिस्फिअर' असं नावही आहे. पण बसणं वेगळं, खाणं वेगळं. दगडावर शेवाळ बसतं, ते दगड खात नाही. या लोकांनी काय केलं, तर ज्यातल्या कार्बनला खूण केलेली आहे असं पॉलिएथिलीन, म्हणजे पिशव्यांचं प्लास्टिक, बुरशीला दिलं, आणि तोच खुणेचा कार्बन पुढे कार्बन डायऑक्साइडमधून बाहेर पडला का ते मोजलं. पडला. म्हणजे पचवलं हे नक्की.

वेग किती? दिवसाला सुमारे ०.०५ टक्के. सरळ हिशोब केला तर एक तुकडा संपायला दोन हजार दिवस, साडेपाच वर्षं. मला हा वेग कमी वाटत नाही. माझी पिशवी अठ्ठावीस वर्षांत जागची हललेली नाही, त्यापुढे साडेपाच वर्षं म्हणजे चमत्कार. पण बातमीच्या मथळ्यात न आलेली गोष्ट अशी की हा वेग प्रयोगशाळेतला आहे, आणि ज्या प्लास्टिकवर अतिनील किरणांचा मारा आधी झालेला आहे त्याच्यावरचा आहे. ऊन न लागलेल्या प्लास्टिकला ही बुरशी तोंड लावत नाही. त्याच संस्थेनं २०२३ मध्ये रोडोकॉकस रूबर नावाच्या जिवाणूवर काम केलं होतं. तोही उन्हानं मोडकळलेलंच प्लास्टिक पचवतो, आणि वर्षाला साधारण एक टक्का.

ऊन काय करतं हे आपल्या प्रत्येकीनं गच्चीवर पाहिलेलं आहे. सासूबाई उन्हाळ्यात पापड-कुरडया ज्या पातळ प्लास्टिकवर घालायच्या, तोच कागद गच्चीवर विसरला तर पुढच्या वर्षी उचलताना हातात चुरा यायचा. पिवळट पडलेला, कडक, वाळक्या पानासारखा. पॉलिएथिलीन म्हणजे कार्बनला कार्बन जोडत गेलेली प्रचंड लांब साखळी. त्यात जंतूच्या एन्झाइमला, म्हणजे त्याच्या पचवणाऱ्या रसायनाला, पकडायला कुठं खाचच नाही. ऊन ती साखळी तोडतं, तुटल्या जागी ऑक्सिजन चिकटतो, आणि तिथं जंतूला पहिल्यांदा घास धरता येतो. चौकातल्या पिशवीला मातीखाली ऊन मिळालं नाही. गच्चीवरच्या कागदाला मिळालं. दोन्ही आमच्याच घरातले, दोन्ही एकाच जातीचे.

आता समुद्राकडे या. तरंगतं तोवर प्लास्टिकला ऊन लागतं. मग त्यावर शेवाळ चढतं, शिंपले बसतात, जड होतं, बुडतं. अगदी मरियाना गर्तेच्या तळाशीसुद्धा, जवळजवळ अकरा किलोमीटर खोल, प्लास्टिकची पिशवी दिसलेली आहे. तिथं ऊन कुठून येणार?

आणि आपला समुद्र तर त्याहून वेगळा. आपली विश्वामित्री पावागढाकडून येते, शहराच्या मधोमध वळणं घेत जाते, पुढे ढाढरला मिळते आणि खंभातच्या आखातात उतरते. ज्यांनी ते आखात पाहिलंय त्यांना पाण्याचा रंग आठवेल. चहासारखा. तिथली भरती-ओहोटी देशातल्या सगळ्यात मोठ्यांपैकी, दिवसातून दोनदा सगळा गाळ घुसळून काढणारी. त्या पाण्यात हात बुडवला तर मनगट दिसत नाही, किरण खाली कुठवर जाणार? पॅसिफिकच्या निळ्या पाण्यात जे जमतं ते आपल्या गढूळ आखातात जमेल असं धरून चालणं मला पटत नाही. आणि २०२४ च्या ऑगस्टच्या पुरानंतर काळाघोड्याच्या पुलावरून ज्यांनी खाली पाहिलं त्यांना माहीत आहे की आपण नदीला काय देतो. पूर ओसरल्यावर दोन्ही काठांच्या झाडांना पाणी चढलं होतं त्या उंचीपर्यंत पिशव्या लटकत होत्या, एका सरळ रेषेत. नदीतल्या मगरी सोसायट्यांत शिरल्या त्याचे व्हिडिओ सगळ्यांनी काढले. त्या रेषेचा मी फक्त एक फोटो पाहिला.

माझी बाजू जंतूंच्या विरुद्ध नाही, हे आवर्जून सांगते. याच शास्त्रातली दुसरी गोष्ट मला रात्री झोपू देत नाही इतकी सुंदर वाटते. जपानमध्ये ओसाकाजवळच्या साकाई शहरात बाटल्यांचं रिसायकलिंग होतं. तिथं गोळा केलेल्या नमुन्यांत एक जिवाणू मिळाला, २०१६ मध्ये तो जगापुढे आला. आयडिओनेला साकाइएन्सिस. तो पीईटी खातो, म्हणजे आपली पाण्याची बाटली. ३० अंश तापमानाला पीईटीचा पातळ कागद त्यानं सहा आठवड्यांत जवळजवळ संपवला. पीईटीच्या साखळीत ठरावीक अंतरावर एस्टर नावाचा सांधा असतो, आणि सांधा असला की एन्झाइमची कातरी चालते. त्याहून गंमत वाटते ती दुसऱ्या एन्झाइमची. तेही जपानमध्येच मिळालं, पानं आणि फांद्या कुजवलेल्या खताच्या ढिगात. पानांवर जो तुकतुकीत थर असतो, पाणी ज्यावरून ओघळून जातं, त्यातही एस्टरचेच सांधे. ते तोडायला जंतूंनी लाखो वर्षांपूर्वी कातरी घडवून ठेवली होती. आपण १९४० च्या दशकात पीईटी शोधलं, आणि कातरी पाचोळ्यात तयार! फ्रान्समध्ये तुलूजच्या शास्त्रज्ञांनी त्या एन्झाइममध्ये सुधारणा करून २०२० मध्ये दाखवलं की ७२ अंशाला, दहा तासांत, पीईटीचा नव्वद टक्के भाग सुटा होऊन पुन्हा मूळ घटक हाती येतात. त्यातून नवी बाटली बनते.

पण ७२ अंश. म्हणजे टाकी हवी, गरम पाणी हवं, निवडून बारीक केलेल्या बाटल्या हव्यात. हे काम कारखान्यातलं आहे, समुद्रातलं नव्हे. माझं म्हणणं इतकंच आहे आणि ते मी जितक्या वेळा सांगावं लागेल तितक्या वेळा सांगेन: जंतूंची जागा काळाघोड्याच्या पुलाच्या अलीकडे आहे, पलीकडे नाही. एकदा पिशवी पाण्यात गेली की कुठलाही जंतू तिच्यामागे धावत जाणार नाही.

आपल्याकडचे आनंदमोहन चक्रवर्ती अनेकांना आठवत असतील. त्यांनी तेल खाणारा जिवाणू घडवला, १९८० मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं त्यावर पेटंट मिळू शकतं असा निकाल दिला, आणि तेव्हाही समुद्रातल्या तेलगळतीचा प्रश्न सुटल्यासारखं लोकांना वाटलं होतं. १९८९ मध्ये अलास्कात एक्सॉन वाल्डेझ या जहाजातून तेल सांडलं तेव्हा मात्र तो जिवाणू नाही, तर किनाऱ्यावर खतं फवारली, तिथल्याच जंतूंना जोर यावा म्हणून. तेल समुद्राला नवं नाही, तळातून ते युगानुयुगं झिरपतंय, ते खाणारे जंतू आधीपासून तिथं आहेत. प्लास्टिकची समुद्राशी ओळख शंभर वर्षांचीही नाही.

मी प्लास्टिकला शिव्या देणाऱ्यांतलीही नाही. सासरे पेट्रोकेमिकल्समध्ये होते. पहिल्या पाळीवरून येताना एकदा रुमालात बांधून पांढरे दाणे आणले होते, साबुदाण्यासारखे, आणि ताटलीत ओतून सगळ्यांना दाखवले होते. "हे आपण इथं बनवतो," म्हणाले. त्यांच्या आवाजातला अभिमान मला अजून ऐकू येतो. पुढे त्यांच्याच शेवटच्या आजारपणात सलाइनची पिशवी, नळ्या, सिरिंजा सगळं त्या दाण्यांच्याच घराण्यातलं होतं. त्याच्याशी माझं भांडण नाही. भांडण आहे दहा मिनिटांसाठी हातात येणाऱ्या पातळ झभल्याशी, म्हणजे कॅरी बॅगशी. १२० मायक्रॉनपेक्षा पातळ कॅरी बॅगवर ३१ डिसेंबर २०२२ पासून बंदी आहे, तरी मंडईत दोन जुड्या कोथिंबिरीला एक झभलं मिळतंच, आणि आपण घेतोच. हीच ती पिशवी, जी परत विकत घ्यायला कुठला भंगारवाला तयार नसतो.

सेव-उसळीचं पार्सल डोळ्यांसमोर आणा. उसळीची एक थैली, तर्रीची एक, शेवेची एक, कांद्याची एक, पावाची एक, आणि सगळ्यांना धरणारं झभलं. चौघांच्या नाश्त्याला सहा पिशव्या. त्यातल्या तर्रीच्या थैलीला तेल लागलेलं, म्हणजे ती धुवून कुणी ठेवणार नाही. ती सरळ ओल्या कचऱ्यात जाते, तिथून कुठं जाते ते आपण विचारत नाही.

मागच्या रविवारी मी दोन डबे आणि तर्रीसाठी झाकणाची एक छोटी डबी घेऊन गेले. दुकानदारानं आधी हात पुढे केला नाही. मागे रांग होती, डबे भरायला वेळ लागतो, त्याचं चुकत नव्हतं. मग त्यानं डबीत तर्री ओतली, झाकण दाबलं, फडक्यानं पुसली आणि म्हणाला, "बेन, आ तो ढोळाय नहीं." सांडत नाही म्हणे. मागच्या बाईंनी विचारलं, डबी कुठं मिळाली? मंगळबाजारात, तीस रुपयांना.

दिरांना मी काल उत्तर पाठवलं. पिशवीचा फोटो, आणि खाली पॅकिंगची तारीख. त्यांचा फोन आला. त्यांना वाटलं होतं फोटो जुना आहे.