बिनमालकाचा पेशंट

आम्हा पशुवैद्यांचा दवाखान्यातला निम्मा वेळ मालकांना मनातल्या मनात शिव्या घालण्यात जातो. "काल संध्याकाळपासून खात नाही" म्हणतात आणि खोदून विचारलं की ती संध्याकाळ गेल्या आठवड्यातली निघते. कुत्र्याचं तोंड धरा म्हटलं की शेपूट धरतात. त्यामुळे वन्यप्राणी आरोग्याच्या फील्ड ट्रेनिंगला नाव नोंदवताना मला खरं आकर्षण एकच होतं. जंगलात पेशंट असतो, मालक नसतो.

तिथे गेल्यावर कळलं की जंगलात पेशंटही नसतो. त्याच्या लेंड्या असतात.

"हीच तुमची केस हिस्ट्री," सर म्हणाले आणि कौतुकाने खाली वाकले. लेंडी ताजी हवी, आणि तिचा जमिनीला टेकलेला भाग घ्यायचा नाही, कारण मातीतल्या अळ्याही नमुन्यात येतात आणि हरणाला नसलेले जंत आपण त्याच्या नावावर लावतो. मग दोन वाटण्या. एक फॉर्मॅलिनमध्ये, परजीवींची अंडी बघायला. दुसरी अल्कोहोलमध्ये, डीएनएसाठी. लेबल पेन्सिलीनेच लिहायचं. आमच्या गटातल्या एका मॅडमनी पेनने, मोत्यासारख्या अक्षरात लेबलं लिहिली. बाटल्यांतलं अल्कोहोल जरा पाझरलं आणि दुपारपर्यंत सगळे प्राणी निनावी झाले.

संध्याकाळच्या व्याख्यानात मालक परत भेटला, तोही पडद्यावर. १९९४ मध्ये टांझानियातल्या सेरेंगेटीत कॅनाइन डिस्टेंपर या कुत्र्यांच्या विषाणूजन्य रोगाची साथ आली आणि तिथले सुमारे एकतृतीयांश सिंह मेले. विषाणूचा माग काढत गेलं तर बोट आसपासच्या वस्त्यांमधल्या पाळीव कुत्र्यांकडे गेलं. म्हणजे "लस पुढच्या महिन्यात देऊ की डॉक्टर" म्हणणारा जो माणूस टाळायला मी एवढ्या लांब आलो, तो सिंहाच्या केसपेपरवरही होताच.

मग डार्टची पाळी. डार्ट म्हणजे उडती सिरिंज. मागच्या कप्प्यात दाबलेली हवा, पुढच्यात औषध. सुईचं टोक बंद, छिद्र बाजूला आणि त्या छिद्रावर इवलीशी सिलिकॉनची बाही. सुई कातड्यात घुसली की बाही मागे सरकते आणि औषध आपोआप आत जातं. न्यूझीलंडच्या कॉलिन मर्डॉक यांनी १९५० च्या दशकात असे डार्ट मारणारी बंदूक बनवली. वापरून फेकायची प्लास्टिकची सिरिंजही त्यांचीच. ते फार्मासिस्ट होते आणि पशुवैद्यही. लांबून इंजेक्शन द्यायची कल्पना लाथ खाल्ल्याशिवाय सुचत नाही, असं आपलं माझं मत.

आत भरायचं गुंगीचं औषध एटॉर्फिन असेल तर ते मॉर्फिनच्या हजारपटीहून जास्त जहाल असतं. हरणासाठी जेमतेम असलेला थेंब डॉक्टरला कायमचा झोपवू शकतो. म्हणून आधी उतारा भरून ठेवायचा, मगच बाटलीला हात लावायचा, आणि आपल्याला सुई टोचलीच तर काय करायचं ते जोडीदाराला पढवून ठेवायचं. माझा जोडीदार त्या वेळी मोबाइल उंच धरून रेंज शोधत होता.

पहिला नेम सरांनी धरला. मांडीचा जाड स्नायू, अंतर मोजलेलं, वारा पडलेला. डार्ट सुटला आणि त्याच क्षणी हरणाला दुसरीकडचं गवत आवडलं.

चुकलेला डार्ट सोडून जाता येत नाही. भरलेली सुई आहे ती. सगळे वैद्य एका रांगेत, कमरेत वाकून, काठीने गवत बाजूला करत निघालो. डार्टची शेपूट मुद्दाम भडक गुलाबी ठेवतात, चटकन दिसावी म्हणून. त्या माळावर नेमकी गुलाबी रानफुलं फुललेली. "सापडला!" ओरडायचा मान प्रत्येकाला एकदा तरी मिळाला. शेवटी आमच्याबरोबरच्या ट्रॅकर मामांनी वारुळाच्या पायथ्याशी काठी रोखली. हात लावला नाही, बोलले नाहीत, नुसते उभे राहिले. आमच्यात सगळ्यात प्रशिक्षित तेच निघाले.

पुढचा डार्ट लागला. लागल्यावर मागे धावायचं नसतं, हे सगळ्यात अवघड. हरीण आडवं होईपर्यंत बसून राहायचं. मग मागच्या बाजूने जायचं, त्याला पोटावर बसवायचं, मान उंच आणि नाक खाली, म्हणजे लाळ आणि पोटातलं वर आलेलं पाणी फुप्फुसात जात नाही. डोळ्यांत मलम, वर पट्टी. नुकतंच झोपलेलं तान्हं बाळ असलेल्या घरात शिरल्यासारखे आम्ही सगळे कुजबुजत होतो.

माझ्याकडे थर्मामीटर होता, म्हणजे हरणाची मागची बाजू. तापमान ४१ अंशांच्या पुढे गेलं तर अंगावर पाणी ओतायचं, म्हणून दर पाच मिनिटांनी आकडा सांगायचा. तिसरा आकडा घेत असताना हरणाने आपली केस हिस्ट्री स्वतःहून माझ्या बाहीवर सादर केली. मी रुमालाकडे हात नेला.

"पुसू नका!" सर कुजबुजत ओरडले. असं ओरडता येतं, हे मला तेव्हा कळलं. "एकदम ताजा नमुना. जमिनीला टेकलेलासुद्धा नाही!"

मॅडम पेन्सिल घेऊन धावल्या. मी बाही पुढे करून उभा राहिलो आणि आकडा ३९.४ असल्याचं सांगितलं. तो कुणीही ऐकला नाही.

कानाला टॅग लावला, रक्त घेतलं, उतारा दिला. काही मिनिटांत हरीण उठलं, आमच्याकडे एकदा बघितलं आणि झाडीत गेलं. टाळ्या वाजवायला मनाई होती. मला वाटलं, सुटलो. पण पकडताना बसलेल्या ताणाने स्नायूंचीच नासाडी सुरू होऊ शकते, त्याला कॅप्चर मायोपथी म्हणतात. उठून टुणटुणीत पळालेला प्राणी काही तासांनी, कधी कित्येक दिवसांनीही दगावतो. तेव्हा त्याच्यावर नजर ठेवायची.

दवाखान्यात हे फार सोपं असतं. "तीन दिवसांनी दाखवायला आणा" म्हणायचं आणि पुढचा पेशंट घ्यायचा. इथे आणणार कोण? दुर्बीण घेऊन आम्हीच कळपामागे. फॉर्मवर रकाने: चाल कशी, चरतंय का, मान खाली आहे का. सगळ्यात वर टॅग नंबर. तो भरल्याशिवाय खालचं काही ग्राह्य नाही. टॅग डाव्या कानाला होता. कळप आमच्याकडे उजवे कान करून निवांत चरत होता.

बऱ्याच वेळाने मामा म्हणाले, "डॉक्टर, पलीकडनं बघू या."

वाऱ्याचा अंदाज घेत, काट्यांतून वाट काढत, मोठा वळसा घालून आम्ही पलीकडे पोचलो. तोवर कळपही वळला होता.