दादर-माटुंग्याची मोकळी जागा वाया गेलेली नाही

‘दादर-माटुंग्याच्या जुन्या वसाहतींत इमारतींभोवती सोडलेली जागा ही इंग्रजांची हौस. जमीन स्वस्त होती, म्हणून परवडलं. आज ते पट्टे बांधून काढले तर कुणाचंच काही बिघडत नाही.’ असा मजकूर सध्या खूप फिरतोय. त्यातलं एकही विधान टिकत नाही.

आधी हौसेचं बघू. १८९६ मध्ये मुंबईच्या मांडवी भागात प्लेग सुरू झाला आणि १८९८ च्या कायद्यानं मुंबई सुधारणा ट्रस्ट स्थापन झाला. खेटून बांधलेल्या घरांतला अंधार आणि कोंदटपणा हटवणं हे त्याचं काम. दादर-माटुंगा आणि सायन-माटुंगा या योजना त्याच ट्रस्टच्या. पुढे ट्रस्टचे अध्यक्ष जे. पी. ऑर यांनी साडेत्रेसष्ट अंशांचा नियम लावून धरला. खोलीच्या भिंतीच्या पायथ्यापासून समोरच्या इमारतीच्या माथ्यापर्यंत रेषा काढा. जमिनीशी तिचा कोन ६३.५ अंशांहून जास्त होता कामा नये. म्हणजे समोरची इमारत जेवढी उंच, त्याच्या निम्मं अंतर मोकळं हवं. ३३ फुटी, तळमजला अधिक दोन मजल्यांच्या इमारतीसमोर साडेसोळा फूट.

जमीन स्वस्त म्हणून उधळली म्हणावं, तर इथे सगळीकडे बंगले दिसायला हवे होते. उभ्या राहिल्या त्या बहुतांशी भाड्याच्या फ्लॅटच्या इमारती, संडास-न्हाणी घरातच असलेल्या, मध्यमवर्गासाठी. जमीन काटकसरीनंच वापरली. फक्त उजेडाचा वाटा कापला नाही.

आता ‘काही बिघडत नाही’. हे विधान सर्वांत घातक. साडेसोळा फुटांचंच अंतर ठेवून समोर ५५ फूट उंच बांधलं, तर कोन ७३ अंशांवर जातो. तळमजल्याच्या खिडकीतून आभाळ जवळजवळ दिसत नाही, दिवसा दिवे लावावे लागतात, पावसाळ्यात भिंती वाळत नाहीत. शिवाय सांडपाण्याचे उभे पाइप आणि चेंबर बहुधा याच बाजूच्या पट्ट्यात असतात. तिथे शेड टाकली, वर लाद्या बसवल्या, की चेंबरचं झाकण गाडलं जातं. मग तुंबलं तरी कुठे तुंबलं ते कळत नाही, पाणी जोत्यात मुरतं आणि खांबांच्या तळाची सळई गंजते. गंज मूळ लोखंडापेक्षा दुपटीहून अधिक जागा घेतो, त्यामुळे वरचं काँक्रीट फुटून पडतं. त्यावर नुसता गिलावा करून भागत नाही. सैल काँक्रीट काढून, सळई साफ करून, झिजली असेल तर जोड सळई देऊन काम करावं लागतं. आणि आधी गळती बंद करावी लागते, हे बहुतेक वेळा विसरलं जातं.

खिडक्यांवरचे लांब छज्जेही अनेकांना निव्वळ आर्ट डेको या त्या काळच्या इमारतशैलीतली सजावट वाटतात. ऊन आणि पावसाचा सपकारा अडवणं हे त्यांचं काम आहे. बाल्कनी बंद करताना ते तोडले की खिडकीच्या चौकटीतून पाणी आत येणारच.

पुनर्विकास जरूर व्हावा. पण उंची वाढवायची, तर अंतरही त्याच प्रमाणात वाढलं पाहिजे: ५५ फुटांना साडेसत्तावीस.